लेसोथो: दक्षिण आफ्रिकेच्या पोटातला देश तिथे आला कसा?

जगात असे तीनच देश आहेत ज्यांना चारही दिशांना एकच शेजारी आहे. व्हॅटिकन आणि सान मारिनो इटलीच्या आत आहेत. दोन्ही मिळून आपल्याकडच्या एखाद्या तालुक्याएवढेही भरत नाहीत. तिसरा लेसोथो. हा मात्र ३०,३५५ चौरस किलोमीटरचा आहे, म्हणजे गोव्याच्या आठपट आणि महाराष्ट्राच्या जेमतेम दहाव्या हिश्शाएवढा. लोकसंख्या तेवीस लाखांच्या आसपास. आणि भोवती सगळीकडून दक्षिण आफ्रिका.

आपल्याकडची वर्तमानपत्रं ‘लेसोथो’ लिहितात, तिथले लोक ‘लेसूथू’च्या जवळ जाणारा उच्चार करतात. लोकांना बासोथो म्हणायचं, त्यातला एकटा असेल तर मोसोथो, आणि भाषा सेसोथो. एवढं लक्षात ठेवलं की पुढे अडत नाही.

नकाशा पाहून अनेकांना वाटतं की वर्णद्वेषी सरकारनं काळ्या लोकांसाठी जे नावापुरते ‘स्वतंत्र’ तुकडे कापून दिले होते, त्यातलाच हा एक असेल. प्रत्यक्षात क्रम उलटा आहे. लेसोथोची सीमा १८६९ साली आखली गेली, तर दक्षिण आफ्रिका नावाचा एकसंध देश १९१० साली जन्मला. म्हणजे वेढलेला देश आधीचा आणि वेढणारा नंतरचा. मग तो गिळला कसा गेला नाही? हे समजून घ्यायला एका माणसापासून सुरुवात करावी लागते.

त्याचं नाव मोश्वेश्वे. जन्म १७८६च्या सुमाराचा. बाप एका छोट्या वस्तीचा मुखिया, फार मोठं घराणं नव्हे. तरुणपणी त्यानं शेजारच्या एका सरदाराची गुरं पळवून आणली. ‘मी त्याची दाढीच सफाचट केली’ अशी बढाई त्यानं मारली आणि वस्तऱ्याच्या आवाजावरून हे नाव चिकटलं, असं बासोथो सांगतात. गुरं पळवणारा तापट पोरगा पुढे शहाणा कसा झाला, याचं श्रेय परंपरा मोहलोमी नावाच्या वृद्ध वैद्य-सरदाराला देते. सत्ता माणसं मारून वाढत नाही, माणसं जोडून वाढते, हे त्याच्या उपदेशाचं सार होतं. असा उपदेश जगात अनेकांनी अनेकांना केलाय. तो अमलात आणणारे थोडे.

अमलात आणायची वेळ १८२०च्या दशकात आली. दक्षिण आफ्रिकेच्या पूर्व भागात तेव्हा जी उलथापालथ झाली तिला सेसोथोत दिफाकाने म्हणतात. पूर्वीचे इतिहासकार तिचं सगळं खापर झुलू राजा शाका याच्यावर फोडत. आता दुष्काळ, चराऊ जमिनींची टंचाई, वसाहतींच्या कडेनं घोड्यावरून बंदुका घेऊन येणाऱ्या लुटारू टोळ्या आणि गुलामांचा व्यापार ही कारणंही मोजली जातात. कारण काहीही असो, परिणाम एकच झाला. एक टोळी दुसरीला हुसकावते, दुसरी तिसरीवर जाऊन आदळते. शेतं जळाली, गुरं गेली, उपाशी माणसांचे जथे रानोमाळ भटकू लागले.

मोश्वेश्वे आधी बुथा-बुथे नावाच्या डोंगरावर होता. तिथे तो वेढ्यात सापडून उपासमारीच्या काठावर गेला, तेव्हा १८२४ साली माणसं घेऊन शंभरेक किलोमीटर दक्षिणेला थाबा बोसिऊ या डोंगरावर पोचला. सह्याद्रीतले गड पाहिलेल्या माणसाला या जागेचं महत्त्व वेगळं सांगायला नको: वर गुरांसकट हजारो माणसं मावतील अशी सपाटी, बारमाही झरे, भोवती वालुकाश्माचा उभा कडा, आणि वर यायला मोजक्याच अरुंद वाटा. तटबंदी फारशी लागत नाही. वाटांच्या तोंडाशी दगड रचून ठेवले की झालं. तो जिवंत असेपर्यंत हा डोंगर कुणालाही लढून घेता आला नाही.

पण केवळ गड अभेद्य होता म्हणून देश उभा राहिला असं समजलं तर गोष्टीचा गाभाच हातून निसटतो. कडा शत्रूला थोपवू शकतो, राष्ट्र घडवू शकत नाही. ते घडवलं गुरांनी. बासोथोंमध्ये माफिसा नावाची पद्धत आहे. ज्याच्याकडे गुरं जास्त, तो ती गरजूला सांभाळायला देतो. दूध सांभाळणाऱ्याचं, शेण त्याचं, नांगराला बैल त्याचे. मालकी मात्र मूळ धन्याची. मोश्वेश्वेनं ही जुनी रीत निर्वासितांसाठी वापरली. सर्वस्व गमावलेलं कुटुंब डोंगराच्या पायथ्याशी आलं की त्याला गुरं मिळत, कसायला जमीन मिळे, आणि बहुतेक वेळा स्वतःच्या मुखियाखाली, स्वतःच्या रीतिरिवाजांनी राहायची मुभाही. बदल्यात निष्ठा. अशा वेगवेगळ्या कुळांच्या, काही तर वेगळी भाषा बोलणाऱ्या माणसांतून ‘बासोथो’ हा समाज तयार झाला. एका रक्ताचे म्हणून ते एकत्र आले नाहीत. एकाच माणसाच्या गुरांचं दूध प्यायले म्हणून एकत्र झाले, असं म्हटलं तरी चालेल.

थाबा बोसिऊकडे येतानाच्या त्या स्थलांतरात मोश्वेश्वेचा म्हातारा आजोबा पेएते मागे पडला आणि दुष्काळानं नरभक्षक बनलेल्या टोळीच्या तावडीत सापडला. त्यांनी त्याला खाल्लं. पुढे ती माणसं पकडून मोश्वेश्वेसमोर उभी केली गेली, तेव्हा सगळ्यांना वाटलं, आता मुंडकी उडणार. तो म्हणाला, हे माझ्या आजोबाचं थडगं आहेत, आणि पूर्वजांच्या थडग्याला कुणी हात लावत नाही. आजोबाच्या अंत्यविधीचे संस्कार त्यांच्यावरच करवले आणि त्यांना वसवलं. ही कथा तोंडी परंपरेतून आली आहे, तपशिलात मीठमसाला असणारच. पण बासोथोंना आपल्या राजाविषयी नेमकी हीच कथा सांगावीशी वाटते, हे मला त्यातल्या तपशिलापेक्षा मोलाचं वाटतं.

त्याची युद्धनीतीही याच धाटणीची होती. १८३१ साली मझिलिकाझीच्या न्देबेले सैन्यानं थाबा बोसिऊवर हल्ला केला. वरून दगडधोंड्यांचा वर्षाव झाला, हल्ला फसला, सैन्य परत फिरलं. मागून मोश्वेश्वेचा माणूस गुरं हाकत गेला. निरोप असा: तुम्ही भुकेपोटी आला असाल असं आमच्या राजाला वाटतं, ही गुरं वाटेत खायला घ्या. न्देबेले पुन्हा कधी आले नाहीत. १८५२च्या डिसेंबरात ब्रिटिश गव्हर्नर सर जॉर्ज कॅथकार्ट यानं दहा हजार गुरं आणि एक हजार घोडे दंड म्हणून मागितले. मोश्वेश्वेनं साडेतीन हजारांच्या आसपास गुरं पाठवली. कॅथकार्ट चालून आला आणि बेरेआच्या पठारावर त्याच्या फौजेला चांगलाच मार बसला. त्याच रात्री मोश्वेश्वेनं पत्र धाडलं: आपण आपलं सामर्थ्य दाखवलंत, आम्हाला शिक्षा मिळाली, आता पुरे करा. कॅथकार्टला अब्रू राखून परत जायची वाट मिळाली आणि तो गेला. जिंकलेल्यानं हरल्याचं पत्र लिहायला वेगळीच छाती लागते.

पत्र लिहिण्याची ही सोय आली कुठून? १८३३ साली पॅरिसच्या प्रोटेस्टंट मिशनचे तीन तरुण आले: काझालिस, अर्बूसे आणि गोसलँ. त्यांना मोश्वेश्वेनंच बोलावलं होतं. बंदूक असलेल्या गोऱ्यांशी वागायचं तर त्यांचं जग समजणारा कुणीतरी जवळ हवा, हा हिशेब सरळ होता. काझालिस बराच काळ त्याच्या परराष्ट्रमंत्र्यासारखाच वागला. मोरिजा या गावी मिशनचं केंद्र झालं, सेसोथोला लिपी मिळाली, छापखाना आला, आणि १८६३ साली ‘लेसेलिन्याना’ हे सेसोथो वर्तमानपत्र सुरू झालं. राजानं मात्र स्वतः बाप्तिस्मा घ्यायला आयुष्यभर टाळाटाळ केली. त्याला धर्मोपदेशकांचं सगळंच पटत होतं असं नाही, आणि जे पटत होतं ते तो कायद्यात आणत होता. १८५४ साली त्यानं बाहेरून येणाऱ्या दारूच्या विक्रीला बंदी घातली, आणि १८५५ साली जादूटोण्याच्या आरोपावरून माणसं मारायला.

आता नकाशाकडे येऊ. मोश्वेश्वेचं राज्य आजच्या लेसोथोएवढंच नव्हतं. कॅलेडन नदीच्या (सेसोथोत मोहोकारे) दोन्ही काठांवर ते पसरलेलं होतं, आणि खरी सुपीक जमीन होती पश्चिम काठाला. १८५४ साली तिकडे बोअर (डच वंशाच्या गोऱ्या) शेतकऱ्यांचं ऑरेंज फ्री स्टेट हे प्रजासत्ताक उभं राहिलं. बोअरांना कुरणं हवी होती आणि गव्हासाठी जमीनही. १८५८ आणि १८६५ ते १८६८ अशा लढाया झाल्या. १८६५ साली लाव वेपेनर हा बोअर सेनानी थाबा बोसिऊची वाट चढताना मारला गेला. गड पडला नाही, पण बोअरांनी नंतर गडाचा नाद सोडून खालची पिकं जाळायला आणि गुरं पळवायला सुरुवात केली. त्यापुढे डोंगर काय करणार?

म्हातारा मोश्वेश्वे कित्येक वर्षं ब्रिटिशांकडे संरक्षण मागत होता. १२ मार्च १८६८ रोजी ते मिळालं आणि देशाचं नाव पडलं बासुतोलँड. पुढच्या वर्षी ब्रिटिशांनी आणि बोअरांनी आपसात सीमा ठरवली आणि कॅलेडनच्या पश्चिमेची जमीन फ्री स्टेटकडे गेली. ११ मार्च १८७० रोजी मोश्वेश्वे वारला. लेसोथोत आजही ११ मार्चला सुट्टी असते. गुलामीची निवड केली म्हणून त्याला नावं ठेवता येतील. पण त्याच्यासमोर स्वातंत्र्य हा पर्यायच उरला नव्हता. निवड होती ती मालकाची: जो जमिनीवर येऊन बसतो तो, की जो समुद्रापलीकडून कागद पाठवतो तो.

कागद पाठवणाऱ्यानंही घोटाळा केलाच. १८७१ साली ब्रिटिशांनी हा मुलूख, कुणाला न विचारता, केप वसाहतीच्या हवाली केला. त्याच सुमाराला किम्बर्लीत हिरे सापडले होते. बासोथो तरुण तिथे खाणीत राबत आणि मजुरीतून बंदुका विकत घेऊन घरी येत. १८८० साली केप सरकारनं बंदुका जमा करण्याचा हुकूम काढला. घाम गाळून घेतलेली बंदूक कोण देईल? डोंगराळ वाटांवर तरबेज बासोथो घोड्यांवरून त्यांनी केपच्या फौजेला जेरीस आणलं. १८८१च्या तहात परवाना काढून बंदूक ठेवायची मुभा मिळाली, केपला हा मुलूख नकोसा झाला आणि १८८४ साली तो थेट ब्रिटिश राजसत्तेखाली गेला. सगळ्या गोष्टीची किल्ली इथे आहे. केपकडेच राहिला असता, तर १९१० साली केप, नाताळ, ट्रान्सवाल आणि फ्री स्टेट एकत्र होऊन दक्षिण आफ्रिका बनली तेव्हा लेसोथोही तिच्यात विरघळला असता. दक्षिण आफ्रिका बनवणाऱ्या कायद्यात पुढेमागे हा मुलूख सामील करून घेण्याची तरतूदही होती. बासोथोंच्या विरोधामुळे आणि पुढे वर्णद्वेषी राजवटीच्या बदनामीमुळे ती कागदावरच राहिली.

देश वाचला खरा, पण पोट कशावर भरायचं? पश्चिमेची जमीन होती तेव्हा बासोथो धान्य विकत. ती गेल्यावर उरले डोंगर. संपूर्ण देश समुद्रसपाटीपासून १,००० मीटरच्या वर असलेला हा जगातला एकमेव देश. सर्वांत खालचं ठिकाणच १,४०० मीटरवर, आणि थाबाना न्त्लेन्याना हे शिखर ३,४८२ मीटरवर. हिवाळ्यात बर्फ पडतं. पर्यटकाला छान, शेतकऱ्याला नाही. मग पुरुष जोहान्सबर्गच्या सोन्याच्या खाणींत गेले आणि जातच राहिले. १९८०च्या दशकात लाखाहून अधिक बासोथो पुरुष तिथे होते. घरी शेती, मुलं आणि म्हातारी माणसं बायकांनी सांभाळली. मुलगे लहानपणी डोंगरात गुरं राखायला जात, मुली शाळेत. त्यामुळे लेसोथोत बायकांची साक्षरता पुरुषांपेक्षा जास्त आहे, जे जगात फार कमी ठिकाणी दिसतं. खाणींच्या या चक्रातून कुटुंबं मोडली, क्षय आला, आणि पुढे एचआयव्ही; त्याचं प्रमाण आजही जगातल्या सर्वाधिक देशांत आहे. आणि यातूनच अकॉर्डियनवर गायलं जाणारं फामो संगीतही आलं, ज्यात खाणी, आगगाडी, घर आणि भांडणं सगळं असतं.

बासोथो माणूस लांबून ओळखू येतो तो घोंगडीवरून. घोंगडी म्हणजे पांघरूण नव्हे, पोशाख: जाड लोकरी, खांद्यावरून घेतलेली, मोठ्या पिनेनं अडकवलेली, उन्हाळ्यातसुद्धा. सांगतात की १८६० साली एका व्यापाऱ्यानं मोश्वेश्वेला अशी एक भेट दिली आणि त्यानं कातडी पांघरणं सोडलं. पुढे १८९०च्या दशकात रिंडरपेस्टच्या साथीनं गुरं मेली, तेव्हा कातडीही दुर्मीळ झाली. आता लग्न, बाळंतपण, मुलांचा दीक्षाविधी, प्रत्येकाला ठरावीक घोंगडी. ‘सेआना मारेना’ ही मानाची जात. मक्याच्या कणसाची नक्षी सुबत्तेची. पट्टे उभेच यायला हवेत, आडवे आले तर वाढ खुंटते असा समज. आणि हा राष्ट्रीय पोशाख पूर्वी इंग्लंडात विणला जाई, आता दक्षिण आफ्रिकेतल्या कारखान्यात. म्हणून तो कमी बासोथो ठरतो का? मला नाही वाटत. बाहेरची वस्तू घ्यायची, तिला आपले नियम लावायचे आणि मग ती आपलीच करून टाकायची, हे बासोथोंनी घोड्याबाबत केलं, लिपीबाबत केलं, तेच घोंगडीबाबत.

गवताची शंकूसारखी टोपी, मोकोरोत्लो, २००६ पासून राष्ट्रध्वजावर आहे. थाबा बोसिऊजवळच्या किलोआने सुळक्यावरून तिचा आकार आला असं म्हणतात. खेड्यांत गोल घरांच्या भिंतींवर बायका ओल्या मातीत बोटांनी नक्षी ओढतात, तिला दितेमा म्हणतात. पावसानं धुऊन गेली की पुन्हा काढायची. जेवणात मक्याच्या पिठाचा घट्ट ‘पापा’ आणि चिरलेली पालेभाजी ‘मोरोहो’. आणि पित्सो: गावच्या पुरुषांची खुली सभा, जिथे मुखियाच्या तोंडावर टीका करायची मुभा असे. ‘मुखिया मुखिया असतो तो लोकांमुळे’ ही सेसोथो म्हण याच सभेतली शोभते. बायकांना पूर्वी त्या सभेत जागा नव्हती, हेही सांगायला हवं.

४ ऑक्टोबर १९६६ रोजी स्वातंत्र्य मिळालं. राजा नामधारी, दुसरा मोश्वेश्वे. पंतप्रधान लेआबुआ जोनाथन. १९७० साली निवडणूक हातची जातेय असं दिसताच जोनाथननं मतमोजणीच रद्द करून आणीबाणी लावली. पण हाच माणूस पुढे वर्णद्वेषी सरकारच्या विरोधकांना आसरा देऊ लागला. वर्णद्वेषविरोधी लढ्यातला नेता क्रिस हानी अनेक वर्षं राजधानी मसेरूत राहत होता. ९ डिसेंबर १९८२च्या रात्री दक्षिण आफ्रिकी सैनिकांनी मसेरूत घुसून ४२ माणसं मारली, त्यात १२ बासोथो. १९८६च्या जानेवारीत शेजाऱ्यानं सीमा आवळली, धान्य-इंधन अडलं, आणि काही आठवड्यांत लष्करानं जोनाथनला हटवलं. त्याच वर्षी ऑक्टोबरात पाणी विकण्याचा करार झाला. तारखा शेजारी शेजारी ठेवल्या की वेगळं भाष्य लागत नाही.

पाण्याचं गणित असं. जोहान्सबर्ग सोन्यावर वसलं, नदीवर नाही. लेसोथोत पाऊस आणि उंची दोन्ही. म्हणून १८५ मीटर उंचीचं कात्से धरण बांधलं, डोंगरातून बोगदे काढले आणि १९९८ पासून पाणी उत्तरेकडे वाहू लागलं. लेसोथोला त्याची रॉयल्टी मिळते आणि बोगद्याच्या वाटेवर वीजही. धरणात कुरणं आणि शेतं बुडालेल्यांच्या भरपाईच्या तक्रारी मात्र अजून संपलेल्या नाहीत. प्रकल्पाचा प्रमुख मासुफा सोले लाच घेतल्याबद्दल २००२ साली दोषी ठरला आणि तुरुंगात गेला. त्याहून विशेष म्हणजे एवढ्याशा देशानं लाच देणाऱ्या अ‍ॅक्रेस या कॅनडियन कंपनीलाही कोर्टात दोषी ठरवलं. श्रीमंत देशांना जे सहसा जमत नाही ते मसेरूच्या कोर्टानं केलं.

१९९८च्या निवडणुकीनंतर दंगे उसळले. दक्षिण आफ्रिका आणि बोट्सवानाचं सैन्य आलं, मसेरूची बाजारपेठ जळाली. याच काळानंतर, २००१ पासून, भारतीय लष्कराचं एक प्रशिक्षण पथक लेसोथोच्या सैन्याला शिकवायला जाऊ लागलं. राजकारण आजही आघाड्या करण्यात आणि मोडण्यात जातं. ते आपल्याला समजावून सांगायला नको.

खाणींतली कामं घटली तशी मसेरूत कपड्यांचे कारखाने आले, कारण २००० सालच्या अमेरिकी कायद्यानं आफ्रिकी मालाला करमाफी दिली होती. काम करणाऱ्या बहुतेक बायका. २०२५च्या मार्चमध्ये अमेरिकेच्या अध्यक्षांनी ‘ज्याचं नाव कुणी ऐकलं नाही असा देश’ म्हणून लेसोथोची टर उडवली, आणि एप्रिलमध्ये त्याच देशावर ५० टक्के आयातशुल्क जाहीर केलं. पुढे ते १५ टक्क्यांवर आलं, पण तोवर ऑर्डरी आटल्या होत्या आणि बायका घरी बसल्या होत्या.

आणि ती पश्चिमेची जमीन? २०२३ साली लेसोथोच्या संसदेत एका खासदारानं अख्खा फ्री स्टेट आणि आसपासचा मुलूख परत मागण्याचा ठराव मांडला. तो प्रत्यक्षात येईल असं कुणी मानत नाही. सेसोथो बोलणारे आज लेसोथोपेक्षा दक्षिण आफ्रिकेत जास्त आहेत, आणि त्यांतल्या फार थोड्यांना देश बदलायचा असेल. नदीपलीकडच्या गावांची नावं मात्र तशीच आहेत. एकाचं वेपेनर, थाबा बोसिऊवर पडलेल्या सेनानीचं. दुसऱ्याचं फिक्सबर्ग, जमीन जिंकणाऱ्या योहान फिकचं. फिक्सबर्गच्या शेतांत हंगामाला शतावरी तोडायला मजूर लागतात, आणि त्या बासोथो बायका असतात, सीमेवर शिक्का मारून आलेल्या.